जे वाटले ते वाचले

नकाशांच्या पुस्तकाला ‘ॲटलास’ हे नाव दिले ते गेरार्ड मर्केटर या नकाशाकाराने. त्याचे पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर, १५९५ साली बाहेर पडले. तेव्हापासून माणसाने जमिनीचे, समुद्राच्या तळाचे, चंद्राचे आणि ताऱ्यांचे नकाशासंग्रह केले. आज मी ज्या नकाशासंग्रहाबद्दल लिहिणार आहे तो उंदराच्या मेंदूचा आहे. हसू नका. तो इंटरनेटवर आहे, कोणालाही फुकट पाहता येतो, आणि त्यामागचा इतिहास एखाद्या बखरीइतका रंजक आहे. मी विज्ञानाची पदवीधर नाही. आयुष्यभर इतिहास आणि भूगोल शिकवला. पण नकाशा आणि इतिहास एकत्र आले की माझ्याने राहवत नाही.

आधी उंदीर कोणता ते सांगते. आपण घरात उंदीर, घूस, चिचुंद्री असे वेगवेगळे ओळखतो. पण प्रयोगशाळेतले ‘माऊस’ आणि ‘रॅट’ हे दोन निराळे प्राणी असूनही आपली वर्तमानपत्रे दोघांनाही उंदीरच म्हणून मोकळी होतात. आपल्या गोष्टीतला आहे तो लहान, माऊस. त्याचा मेंदू अर्ध्या ग्रॅमहूनही हलका, वाटाण्याच्या दाण्याएवढा. पण त्या दाण्यात सुमारे ७ कोटी चेतापेशी असतात. माणसाच्या मेंदूत त्या सुमारे ८,६०० कोटी. म्हणजे आपल्यापुढे उंदीर फारच लहान, तरी ७ कोटी वस्तीचा मुलूख म्हटला तर त्याचा नकाशा काढणे हे काही पोरखेळाचे काम नव्हे.

या नकाशाची सुरुवात एका स्वयंपाकघरात झाली. इटलीत मिलान शहराजवळ अब्बियातेग्रासो नावाचे गाव आहे. तिथल्या जुनाट रुग्णांच्या इस्पितळात कामिल्लो गोल्जी हा डॉक्टर होता. त्याने तिथल्या जुन्या स्वयंपाकघरात आपली छोटी प्रयोगशाळा थाटली, आणि १८७३ साली चांदीचे क्षार वापरून मेंदूचे काप रंगवण्याची युक्ती शोधली. तिची गंमत अशी की सगळ्या पेशी रंगत नाहीत. शेकड्यात एखाददुसरीच रंगते, पण ती मुळापासून शेंड्यापर्यंत काळीभोर होते. गर्द रानातले एकच झाड डोळ्यांपुढे यावे तसे.

१८८७ साली स्पेनमधल्या सांतियागो रामोन इ काहाल या प्राध्यापकाने माद्रिदमध्ये असे काप पाहिले आणि तो झपाटून गेला. त्याने पद्धत सुधारली, पेशी न्याहाळल्या, स्वतःच्या हाताने त्यांची चित्रे काढली. प्रत्येक चेतापेशी स्वतंत्र आहे, त्या एकमेकींत वितळून गेलेल्या नाहीत, असे त्याचे म्हणणे. पण हे सांगायचे कोणाला? स्पॅनिश भाषेतले शास्त्र युरोपात फारसे कोणी वाचत नव्हते. काहालने काय केले, तर १८८८ साली पदरच्या पैशाने एक नियतकालिक छापले. प्रती किती, तर ६०! त्या त्याने परदेशातल्या विद्वानांना आपणहून पाठवल्या. पुढच्या वर्षी सूक्ष्मदर्शकाच्या काचपट्ट्या बरोबर घेऊन तो बर्लिनच्या परिषदेला गेला आणि एकेकाला त्या दाखवू लागला. तिथे अल्बर्ट फॉन क्योलिकर या वडीलधाऱ्या शास्त्रज्ञाने त्या पाहिल्या आणि काहालचे नाव झाले. १९०६ चे नोबेल गोल्जी आणि काहाल यांना विभागून मिळाले. गोल्जीने मात्र पुरस्काराच्या भाषणातही काहालच्या सिद्धांताला विरोधच केला. पद्धत एकाची, उत्तर दुसऱ्याचे, आणि दोघांचे पटेना. असो.

या ६० प्रती लक्षात ठेवा. आपल्याजवळचे आधी वाटून टाकायचे, ही गोष्ट पुढे पुन्हा येणार आहे.

यानंतर नकाशे वाढत गेले. १९०९ साली जर्मनीच्या कोर्बिनियन ब्रोडमन याने पेशींच्या रचनेवरून मेंदूच्या बाहेरच्या सालीचे भाग पाडले आणि त्यांना क्रमांक दिले. ते क्रमांक ५२ पर्यंत जातात, आणि दृष्टीच्या भागाला डॉक्टर लोक आजही ‘क्षेत्र १७’ म्हणतात. पुढे १९८२ साली जॉर्ज पॅक्सिनोस आणि चार्ल्स वॉटसन यांचे रॅटच्या मेंदूचे पुस्तक आले. अक्षांश-रेखांशांसारखी मापे देऊन मेंदूतला बिंदू न् बिंदू त्यात सापडे. माऊससाठी फ्रँकलिन आणि पॅक्सिनोस यांचे तसेच पुस्तक १९९७ साली निघाले. जगभरच्या प्रयोगशाळांनी ही पुस्तके वापरली. पण ती जाडजूड आणि महाग. ज्याच्या ग्रंथालयाला परवडतील त्याची.

महाग नकाशाचे काय होते ते मी पाहिले आहे. मी नोकरीच्या सुरुवातीला ज्या शाळेत होते तिथे भिंतीवर टांगायचे कापडी नकाशे होते, सुंदर, मोठे. पण ते फाटतील म्हणून मुख्याध्यापकांच्या खोलीतल्या कपाटात कुलपात असत. तपासणीला साहेब येणार असले की बाहेर निघत. मुलांना मी आफ्रिका फळ्यावर खडूने काढून शिकवली. नकाशे मात्र अगदी कोरे करकरीत राहिले. पुढे त्यांना कसर लागली.

आता थोडे उंदराच्या घराण्याविषयी. प्रयोगाला उंदीर घ्यायचा तर सगळे एकसारखे हवेत, नाहीतर फरक प्रयोगामुळे पडला की उंदरामुळे हे कळणार कसे? हे एकसारखे उंदीर आले कुठून, तर अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या ग्रॅनबी या गावातून. तिथे अॅबी लेथ्रॉप नावाच्या बाई राहत. त्या पूर्वाश्रमीच्या शिक्षिका. प्रकृतीच्या कारणाने शाळा सोडली, कोंबड्या पाळून पाहिल्या, धंदा चालला नाही. मग विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यांनी हौशी लोकांसाठी रंगीबेरंगी उंदीर पाळायला घेतले. कोणाची पिल्ले कोणती याच्या नोंदी त्या ठेवत असल्यामुळे प्रयोगशाळाही त्यांच्याकडूनच उंदीर मागवू लागल्या. काही उंदरांच्या अंगावर गाठी दिसल्या तेव्हा बाईंनी त्या शास्त्रज्ञांकडे पाठवल्या. त्या कर्करोगाच्या निघाल्या. लिओ लोएब या डॉक्टरांबरोबर त्यांनी या विषयावर शोधनिबंध लिहिले. मादीची अंडाशये काढली तर स्तनाच्या गाठी कमी होतात, हे त्या दोघांनी उंदरांवर दाखवले. लेथ्रॉपबाई १९१८ साली वारल्या. पदवी ना पद, पण नोंदवही चोख!

क्लॅरेन्स लिट्ल हा हार्वर्डमध्ये शिकलेला तरुण शास्त्रज्ञ. त्याने १९२१ साली लेथ्रॉपबाईंच्या वंशातली ५७ क्रमांकाची मादी घेऊन भावाबहिणींचे पिढ्यान्‌पिढ्या संकर केले आणि एक काळे उंदीरघराणे तयार केले. त्याचे नाव सी-५७-ब्लॅक. १९२९ साली लिट्लने मेन राज्यात, बार हार्बर या गावी जॅक्सन प्रयोगशाळा काढली. पैसा दिला डेट्रॉइटच्या मोटारवाल्यांनी. तिथून हे उंदीर जगभर जाऊ लागले.

मग १९४७ चा ऑक्टोबर आला. त्या बेटावर वणवा पेटला आणि त्यात जॅक्सन प्रयोगशाळाही जळाली. हजारो उंदीर मेले. अनेक वर्षांच्या मेहनतीने जुळवलेली घराणी एका रात्रीत नाहीशी होण्याची वेळ आली. वाचली ती कशी? ज्या ज्या प्रयोगशाळांना पूर्वी इथून उंदीर गेले होते, त्यांनी त्यांच्या वंशातले उंदीर परत पाठवले. जे स्वतःपाशी होते ते जळून गेले, जे वाटले होते ते वाचले. मला या साऱ्या कथेतला हा सगळ्यात मोठा धडा वाटतो.

त्याच काळ्या घराण्याचा जनुकसंच २००२ च्या डिसेंबरात प्रसिद्ध झाला. उंदराच्या सुमारे ९९ टक्के जनुकांशी नाते सांगणारे जनुक माणसात सापडते असे त्यातून दिसले. म्हणजे यादी हाती आली. पण यादी म्हणजे नकाशा नव्हे. गावातल्या माणसांची मतदारयादी मिळाली, पण कोण कुठल्या आळीत राहतो आणि काय काम करतो हे त्यावरून कळत नाही.

इथे जरा समजावून सांगते. शरीराच्या जवळजवळ प्रत्येक पेशीत जनुकांचा सारखाच संच असतो. वर्गातल्या सगळ्या मुलांच्या दप्तरात तीच पुस्तके असतात, पण आत्ता कोणी गणिताचे उघडले आहे, कोणी मराठीचे. तसेच यकृताच्या पेशीत काही जनुके जागी असतात, मेंदूच्या पेशीत दुसरी. जागे असलेले जनुक आपली एक नक्कल काढते, तिला आरएनए म्हणतात. ही नक्कल जिथे सापडेल तिथे ते जनुक जागे आहे असे समजायचे. ती शोधण्याची पद्धत १९६९ साली जोसेफ गॉल आणि मेरी लू पार्ड्यू यांनी दिलेल्या युक्तीवर उभी आहे. नकलेला बरोबर चिकटेल असा जोडीचा धागा तयार करायचा, त्याला खूण बांधायची, आणि मेंदूच्या पातळ कापावर सोडायचा. जिथे जोडी जमते तिथे तो चिकटून राहतो, बाकीचा धुऊन जातो. मग खुणेवर रंग चढवला की ठिपके उमटतात. एका वेळी एका जनुकाचा असा नकाशा तयार होतो.

इंटरनेटवर असे नकाशे मांडायचा विचार त्याआधीच सुरू झाला होता. एडिंबरोत उंदराच्या गर्भाचा संगणकी नकाशासंग्रह १९९० च्या दशकापासून आकार घेत होता. जर्मनीत ग्रेगोर आयखेले यांच्या गटाने हे रंगकाम यंत्रमानवाकडून करून घेण्याची पद्धत बसवली आणि ‘जीनपेंट’ नावाने चित्रे खुली केली. न्यू यॉर्कच्या रॉकफेलर विद्यापीठात ‘जेनसॅट’ प्रकल्पाने वेगळीच वाट धरली. जनुक जागे झाले की पेशी हिरवी चमकावी, असे उंदीरच त्यांनी तयार केले. पण सगळीच्या सगळी जनुके एका सपाट्यात घ्यायची, तर त्याला एका विद्यापीठाचे बळ पुरे पडेना.

इथे पॉल ॲलन येतात. मायक्रोसॉफ्टच्या दोन संस्थापकांपैकी एक. १९८२ साली त्यांना हॉजकिन्स हा कर्करोग झाला, त्यातून ते बरे झाले, आणि पुढच्याच वर्षी त्यांनी कंपनीतले रोजचे काम सोडले. त्यांचे वडील सिॲटलच्या विद्यापीठात ग्रंथालयांचे सहसंचालक, आई फे या शाळेत शिक्षिका. पुस्तकांनी भरलेले घर. २००३ साली ॲलन यांनी १० कोटी डॉलर देऊन सिॲटलमध्ये मेंदूविज्ञानाची संस्था काढली. पहिले काम ठरले ते उंदराच्या मेंदूतल्या सर्व जनुकांचा नकाशा.

काम कसे चालले ते ऐकण्यासारखे आहे. उंदीर सगळे त्या काळ्या घराण्यातले, नर, ५६ दिवसांचे. मेंदू गोठवून त्याचे २५ मायक्रॉनचे, म्हणजे मिलिमीटरच्या चाळिसाव्या भागाएवढे पातळ काप करायचे. एका मेंदूचे काप मोजक्या जनुकांत वाटून घ्यायचे. रंग यंत्रे चढवीत, सूक्ष्मदर्शकाला जोडलेले कॅमेरे दिवसरात्र चित्रे टिपीत, आणि संगणक प्रत्येक चित्र एका सामायिक नकाशावर बसवीत. हजारो उंदीर यात गेले, हेही सांगितले पाहिजे. २००६ च्या सप्टेंबरात काम पुरे झाले. सुमारे २०,००० जनुके!

यात दोन निर्णय मला महत्त्वाचे वाटतात. पहिला असा की आधी ‘महत्त्वाची’ जनुके निवडायची नाहीत, सगळी घ्यायची. शास्त्रज्ञ एरवी मनात प्रश्न घेऊन निघतो आणि त्यापुरतेच पाहतो. प्रश्न नसताना उत्तरे गोळा करत बसणे हे शास्त्र की कारकुनी, असा आक्षेप अशा कामांवर नेहमी येतो. पण जनगणना करणारा जर फक्त नावाजलेल्या माणसांच्याच घरी गेला, तर ती जनगणना कसली? दुसरा निर्णय असा की चित्रे तयार होतील तशी सगळ्यांसाठी खुली करायची. पहिला भाग २००४ च्या डिसेंबरातच इंटरनेटवर आला. संस्थेचा स्वतःचा शोधनिबंध ‘नेचर’ नियतकालिकाच्या अंकात छापून आला तो २००७ च्या जानेवारीत. म्हणजे आपण वापरायच्या आधी जगाला वापरायला दिले. संशोधनात आधी छापायचे आणि मग, मागितलेच तर, दाखवायचे, अशी रीत होती. तिच्या हे अगदी उलटे होते. काहालच्या ६० प्रती आठवा.

निघाले काय? उंदराच्या एकूण जनुकांपैकी सुमारे ८० टक्के मेंदूत कुठे ना कुठे जागी असतात. आणि त्यातली बरीचशी सर्वत्र नव्हे, तर मेंदूच्या थोड्याच पेशींत. दुसरे उदाहरण हिप्पोकॅम्पसचे. आठवणींसाठी आवश्यक असलेला हा भाग. काहालचा शिष्य राफाएल लोरेंते दे नो याने १९३४ साली पेशींचे आकार पाहून त्याचे भाग पाडले होते, त्यातला एक ‘सीए-३’. २००८ साली जनुकांच्या नकाशावरून असे दिसले की या एका भागातच निदान नऊ वेगवेगळे पट्टे आहेत. डोळ्यांना जिथे एकच शेत दिसत होते तिथे नऊ बांध निघाले. आणि जुन्या माणसाने आखलेली मोठी हद्दही खोटी ठरली नाही, हे विशेष.

पुढे २०१४ साली मेंदूच्या कोणत्या भागाची वाट कोणत्या भागाकडे जाते याचा नकाशा निघाला. २०२० साली १,६७५ उंदरांच्या मेंदूंची सरासरी काढून केलेला त्रिमितीय आधारनकाशा प्रसिद्ध झाला. २०२३ च्या डिसेंबरात, लाखो पेशी एकेक करून तपासल्यावर, उंदराच्या मेंदूतल्या पेशींचे ५,३२२ गट मोजले गेले. आपल्याकडेही या कामाचा धागा पोहोचला आहे. मद्रास आयआयटीच्या मेंदू केंद्राने २०२४ च्या डिसेंबरात माणसाच्या गर्भातल्या मेंदूचा ‘धारिणी’ हा नकाशासंग्रह खुला केला, ५,१३२ कापांचा. त्या केंद्राला पैसा दिला इन्फोसिसचे एक संस्थापक क्रिस गोपालकृष्णन यांनी. तिकडे मोटारवाले, मग संगणकवाले, इकडेही संगणकवाले.

आता यातली दुसरी बाजू. तो २००६ चा नकाशा एका घराण्याच्या, एका वयाच्या, फक्त नर उंदरांचा आहे. मादी त्यात नाही, म्हातारा उंदीर नाही, आजारी उंदीर नाही. लेथ्रॉपबाईंनी नर आणि मादी यांतला फरक शतकापूर्वी नोंदला होता, तरी सोयीसाठी नरच घेतला गेला. पुढच्या नकाशांत माद्या आल्या, हे चांगले झाले. शिवाय नकाशा ‘कुठे’ हे सांगतो, ‘का’ हे सांगत नाही. फे ॲलन यांना पुढे अल्झायमर झाला. पॉल ॲलन यांनी २०११ च्या आपल्या आत्मचरित्रात आईच्या या आजाराविषयी लिहिले आहे. वाचनाचा नाद असलेल्या शिक्षिकेच्या आठवणी एकेक करून जाताना त्यांनी पाहिल्या. हे नऊ पट्टे ज्या हिप्पोकॅम्पसमध्ये सापडले तो या आजारात लवकर झिजतो. नकाशा तयार होता, पण आईला त्याचा उपयोग झाला नाही. त्या २०१२ साली गेल्या. पॉल ॲलन २०१८ साली कर्करोगाने गेले.

मग एवढा खटाटोप कशासाठी, असे माझ्या वयाची माणसे विचारतील. मीही सत्तरी ओलांडली आहे, चष्मा कुठे ठेवला ते आठवत नाही तेव्हा पोटात गोळा येतो. पण औषध कोण शोधील हे आज कोणालाच सांगता येत नाही, म्हणूनच नकाशा कोणा एकाच्या कपाटात असून चालत नाही. जिच्या महाविद्यालयाला जाड पुस्तक परवडत नाही अशा एखाद्या मुलीच्या हातूनही ते व्हायचे असेल.

काळजी वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. ताम्रपट एकदा कोरला की शेकडो वर्षे राहतो. इंटरनेटवरच्या नकाशाचे तसे नाही. त्याला वीज लागते, यंत्रे लागतात, सांभाळणारी माणसे लागतात. जॅक्सन प्रयोगशाळेतल्या उंदरांसारखाच त्याला रोज दाणापाणी घालावा लागतो. पैसा एका धनिकाच्या इच्छेवर किंवा सरकारच्या मर्जीवर असला की तो आटूही शकतो. तेव्हा वणव्यातून उंदीर वाचले तसेच यालाही वाचवायचे तर अनेक ठिकाणी अनेकांकडे त्याच्या प्रती असल्या पाहिजेत.

तुमच्या घरात कोणी नात-नातू जीवशास्त्र शिकत असेल तर त्यांना हा ॲलन संस्थेचा नकाशा उघडून दाखवायला सांगा. इंग्रजी कळले नाही तरी ती जांभळ्या ठिपक्यांची चित्रे पाहण्यासारखी आहेत. चित्रांच्या माहितीत उंदराच्या घराण्याचे नाव असते, सी-५७. त्यातला ५७ हा आकडा म्हणजे लेथ्रॉपबाईंच्या वंशातली ती एक मादी. बाईंचे नाव तिथे कुठे नाही, ते मात्र तुम्ही सांगा.